कृष्णविवराच्या भीतीला गणपतीच्या मांडवात उत्तर: क्लाउड चेंबर

जिनिव्हाजवळच्या सर्न या संशोधन केंद्राचं, कणांची टक्कर घडवणारं यंत्र कृष्णविवर तयार करून पृथ्वी गिळणार, ही २००८ची आवई अजून मोबाइलवर फिरते. बेळगाव-खानापूरकडे मांडवात विज्ञानाचा देखावा करणार असाल, तर 'शास्त्रज्ञ म्हणतात काही होत नाही' एवढ्या फलकावर भागवू नका. आकाशातून पडणारे कण लोकांना डोळ्यांनी बघू द्या. त्यासाठी क्लाउड चेंबर करा: अल्कोहोलच्या गार वाफेतून कण गेला की मागे धुक्याची रेघ उमटते. फलक मात्र कन्नडमध्येही लावा.

३० × २० सेंमीची काचेची माशांची पेटी, काळा रंगवलेला ॲल्युमिनियमचा पत्रा, फेल्ट (नमद्यासारखं जाड कापड), ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल, २-३ किलो ड्राय आइस (गोठलेला कार्बन डायऑक्साइड), टॉर्च एवढं जमवा. सॅनिटायझर चालत नाही, त्यात पाणी असतं. फेल्ट पेटीच्या तळाला आतून चुंबकांनी अडकवा, कारण गोंद अल्कोहोलने सुटतो. फेल्ट ओलं करा, पेटी पत्र्यावर पालथी घाला, कडा प्लॅस्टिसिनने बुजवा. शाडू नको, सुकली की फट पडते. पत्र्याखाली ड्राय आइसचा चुरा दाबून भरा; खडे ठेवलेत तर पत्रा जेमतेम टेकतो आणि गार होत नाही. अंधार करून टॉर्च आडवा, पत्र्याला लागून मारा. दहा-पंधरा मिनिटं नुसती भुरभुर दिसेल, मग रेघा. लांब सरळ रेघ बहुधा म्युऑनची (अवकाशातले कण हवेवर आदळून तयार होणारा कण), आखूड जाड अल्फा कणाची (किरणोत्सर्गातून निघणारा जड कण). काहीच दिसेना तर आधी फट शोधा.

जाड हातमोजे हवेतच. ड्राय आइसच्या डब्याचं झाकण घट्ट लावलं तर डबा फुटतो. मांडव हवेशीर ठेवा, समई-उदबत्ती लांब.

आता लोकांशी बोला. समुद्रसपाटीला दर चौरस सेंटिमीटरवर मिनिटाला साधारण एक म्युऑन पडतो, म्हणजे पसरलेल्या तळहातातून सेकंदाला दोन-तीन. सर्नच्या एका टकरीत डझनभर उडत्या डासांएवढी ऊर्जा. १९९१ साली अमेरिकेतल्या युटात नोंदलेल्या एका वैश्विक, म्हणजे अवकाशातून आलेल्या, कणात ताशी ९० किलोमीटरने आलेल्या क्रिकेटच्या चेंडूएवढी. तो प्रोटॉन धरला, तर हवेवर आदळताना टकरीच्या कामी येणारा वाटाही सर्नच्या पन्नासेक पट भरतो. म्हणजे सर्नपेक्षा मोठ्या टकरी निसर्गात होतच असतात, आणि पृथ्वी शाबूत आहे.

कुणीतरी हुशार पोर अडवेलच: 'वैश्विक किरणांतून झालेलं विवर वेगाने निघून जाईल, सर्नमधलं इथंच रेंगाळलं तर?' शंका रास्त आहे, उडवून लावू नका. न्यूट्रॉन तारे (मेलेल्या मोठ्या ताऱ्यांचे उरलेले गाभे) इतके दाट की तसं वेगवान विवरही त्यांत अडकलं असतं. ते तारे अजून जागेवर आहेत.

सप्टेंबर २००८मध्ये सर्नच्या यंत्रात चुंबकांमधली विजेची जोडणी बिघडून, ते गार ठेवणारा हेलियम बाहेर फुटला, हेही सांगा. नुकसान बोगद्यातल्या यंत्राचं झालं. 'जमिनीखाली काय लपवलंय?' विचारलं, तर आपल्याच राज्यातलं कोलार दाखवा: १९६५ साली तिथल्या सोन्याच्या खाणीत वातावरणात तयार झालेले न्यूट्रिनो (खडकातूनही सहसा न अडता जाणारे कण) सापडले, ते वरच्या खडकाने म्युऑन गाळून काढले म्हणूनच.