खऱ्या गुन्ह्यावर सिनेमा लिहिताय? या चुका टाळा

अशा पटकथा फसतात त्या बहुधा एकाच कारणाने. कागदपत्रं उघडण्याआधीच लेखकाने गुन्हेगार ठरवून टाकलेला असतो आणि मग कात्रणांमधलं सोयीचं तेवढंच उरतं. बातमीत बहुतेकदा त्या दिवशीचं पोलिसांचं म्हणणं असतं, आरोपपत्रात एका पक्षाची बाजू. त्यामुळे आधी निकालपत्र वाचा, मग उलटतपासणी. साक्षीदार कुठे अडखळला हे तिथे कळतं, आणि उत्तम प्रसंगही तिथेच मिळतात.

दक्षिण कोरियातल्या ह्वासाँगच्या खूनसत्रावरचा 'मेमरीज ऑफ मर्डर' २००३ मध्ये आला तेव्हा खुनी सापडला नव्हता. सिनेमाने कुणावरही शिक्का मारला नाही. २०१९ मध्ये डीएनएमुळे संशयाची सुई वळली ती दुसऱ्याच खुनासाठी जन्मठेप भोगणाऱ्या कैद्याकडे. सत्रातल्या एका खुनासाठी जवळपास वीस वर्षं तुरुंगात काढलेला माणूस २०२० मध्ये निर्दोष ठरला. त्यालाच पडद्यावर खुनी दाखवलं असतं तर?

खटला चालू असेल तर घाई नको. १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोटांवरचा 'ब्लॅक फ्रायडे' आरोपी न्यायालयात गेल्यामुळे अडकला आणि २००७ मध्ये प्रदर्शित झाला.

नाव बदललं की सुटलो, हाही भ्रमच. गाव, धंदा, घर आणि तारीख तीच ठेवली तर ओळखीचे लोक पहिल्या दृश्यातच माणूस ओळखतात. 'सत्य घटनेवर आधारित' आणि 'सर्व पात्रे काल्पनिक' या दोन्ही पाट्या एकाच सिनेमात झळकतात तेव्हा तर हसावं की रडावं कळत नाही. दोन-तीन तपास अधिकाऱ्यांचं एक पात्र केलं तर सहसा बिघडत नाही. आरोपीच्या तोंडी न केलेली कबुली घालणं मात्र महागात पडतं.

घडलेल्या घटनेवर कुणाची मालकी नसते, पण पत्रकाराच्या पुस्तकाची मांडणी उचलणार असाल तर हक्क विकत घ्यावे लागतात.

मसुदा थंड वाटतोय? बळी गेलेली व्यक्ती जिवंतपणी किती दृश्यांत आहे ते मोजा. एकाही नसेल तर दुखणं तिथेच आहे. कुटुंबाला भेटायचं तेही लेखन सुरू असताना. ट्रेलर पाहून त्यांना कळणं हा क्रूरपणा आहे.

आणि प्रत्येक दृश्याशेजारी समासात आधार लिहीत चला: कोणती साक्ष, कोणतं पान, की निव्वळ कल्पना. निर्मात्याचा वकील पहिल्याच बैठकीत तेच विचारतो.