सिरीयल आणि डॉक्युमेंट्री, दोन्हीकडे कॅमेरा करायचाय?

इनबॉक्समध्ये आठवड्याला एक तरी मेसेज असतोच, दादा डीओपी (कॅमेरा आणि लाइटिंग सांभाळणारा मुख्य माणूस) व्हायचंय, कुठला कॅमेरा घेऊ. घेऊच नका. आधी कुणाच्या तरी हाताखाली लागा. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, नंबर लागला तर सोन्याहून पिवळं, पण सीट मोजक्या असतात, त्यामुळे नाही लागला तर कॅमेरा भाड्याने देणाऱ्याकडे अटेंडंट म्हणून जा. लेन्स पुसायच्या, बॅटऱ्या लावायच्या, पेट्या उचलायच्या. कंटाळवाणं आहे, पण सहा महिन्यांत दहा डीओपी कसे लाइट करतात ते फुकटात बघायला मिळतं.

सिरीयलचं गणित साधं आहे, रोजचा एपिसोड साधारण २२ मिनिटांचा आणि शिफ्ट १२ तासांची, म्हणजे विचार करायला वेळच नाही. दोन-तीन कॅमेरे एकदम चालू असतात त्यामुळे एकाच अँगलसाठी सुंदर लाइट करून उपयोग नाही, सासू सोफ्यावरून उठून देवघरापर्यंत गेली तरी चेहरा नीट दिसला पाहिजे आणि स्टँड कुठल्याच फ्रेममध्ये यायला नको. म्हणून वरून सॉफ्ट लाइट, आणि सेटचा बेस, म्हणजे मूळ लाइटिंग, एकदा बसला की शक्यतो हलवायचा नाही. लाइट दादांशी दोस्ती करा, हे मी गंमत म्हणून सांगत नाहीये, कुठला सोलर (सेटवरचा मोठा दिवा) कुठे टांगला की भागतं हे त्यांना तुमच्यापेक्षा जास्त कळतं.

डॉक्युमेंट्रीत नेमकं उलटं. सिरीयलवाल्याचा हात सारखा लाइट लावायला शिवशिवतो, तो आवरायचा. माणसाला खिडकीशेजारी बसवा, घरातली ट्यूब बंद करा, दुसऱ्या बाजूने उजेड परत चेहऱ्यावर टाकायला थर्माकोल धरा, बास. पहिल्या दिवशी कॅमेरा बॅगेतच राहू दे, चहा प्या, घरात कोण कधी काय करतं ते बघा. आणि शॉट लवकर कट करू नका!! आजी बोलायची थांबली की लगेच कट मारायची सवय आपल्याला सिरीयलने लावलेली असते, पण खरा शॉट बऱ्याचदा त्यानंतरच्या दहा सेकंदांत असतो, ती पदर सावरते, बाहेर बघते, ते एडिटरला हवं असतं.

आता फ्लिकर, म्हणजे शूटमध्ये दिवे लुकलुकताना दिसणं. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे सेकंदाला २५ फ्रेमने शूट करत असाल तर शटर १/५० सेकंद ठेवा. डिरेक्टरला २४ फ्रेमच हवे असतील तर शटर अँगल १८० नाही, १७२.८ करा, तो बरोबर १/५० होतो. स्वस्त एलईडी बल्ब तरीही दगा देतात. मी एकदा एका गावात अख्खा इंटरव्ह्यू इन्व्हर्टरवरच्या बल्बखाली घेतला, छोट्या मॉनिटरवर काही कळलं नाही आणि एडिटला बघतो तर मागची भिंत लुकलुकतेय. चूक माझीच, टेस्ट शॉट मोठ्या स्क्रीनवर बघितला नव्हता.

साउंडवाला नसेल तर तेही तुमच्याच गळ्यात. पंखा बंद, फ्रिज बंद, आणि फ्रिज बंद केलात तर गाडीची चावी आत ठेवा, म्हणजे निघताना चालू करायचं विसरणार नाही.

पैशाचं बोलायचं तर टीव्हीचं पेमेंट बरेचदा ९० दिवसांनी येतं, त्यामुळे तीन महिन्यांचं घरभाडं बाजूला असल्याशिवाय पहिली सिरीयल धरू नका. डॉक्युमेंट्रीचं बजेट मुळातच कमी, तिथे प्रवासाचे दिवस, जेवण, राहणं, गिअरचं भाडं आधी मेलवर लिहून घ्या, तोंडी ठरलेलं नंतर कुणालाच आठवत नाही. शोरील (स्वतःच्या कामाचे निवडक शॉट) दोन वेगळे करा, सिरीयलचे ग्लॉसी क्लोजअप डॉक्युमेंट्रीवाल्याला दाखवलेत तर तो तिसऱ्या शॉटला बंद करतो.

आणि रोज रात्री झोपायच्या आधी कार्ड दोन हार्ड डिस्कवर कॉपी करा, एक तुमच्याकडे, एक डिरेक्टरकडे, परत येताना दोन्ही एकाच गाडीत ठेवू नका.