हिंदी कार्टूनचा अकरा मिनिटांचा भाग मराठीत डब करताना

मुलांच्या वाहिनीवर मराठी कार्टून लागतं तेव्हा बहुतेकदा मराठीची वाहिनी वेगळी नसते. चित्र एकच असतं आणि त्याच्यासोबत हिंदी, मराठी, तमिळ, तेलुगू असे निरनिराळे ध्वनिपट एकाच वेळी पाठवले जातात. घरातलं मूल रिमोटवरून भाषा निवडतं. निक, सोनी ये यांसारख्या वाहिन्या मराठी अशीच ऐकवतात. डबिंगच्या सगळ्या अडचणी यातूनच निघतात. मराठी वाक्य लांबलं म्हणून चित्र थांबत नाही, जाहिरातीचा ब्रेक पुढं सरकत नाही आणि दुकानाच्या पाटीवरचं हिंदी पुसता येत नाही. जे करायचं ते शब्दांनी आणि आवाजानं.

हातात काय हवं

काम घेताना चार गोष्टी मागून घ्या: टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ) छापलेलं चित्र, हिंदी संवादांची यादी, हिंदी आवाजाचा पूर्ण ट्रॅक (हाच पायलट) आणि संवाद काढून टाकलेला संगीत-ध्वनीचा ट्रॅक, म्हणजे एम अँड ई. संवादांची यादी बऱ्याचदा पटकथेवरून आलेली असते आणि रेकॉर्डिंगच्या वेळी बदललेली वाक्यं तिच्यात नसतात. म्हणून यादीवर विसंबू नका, पायलट ऐकून ती दुरुस्त करा.

एम अँड ई मिळाल्या दिवशीच पूर्ण ऐका. भारतात हिंदीतच बनलेल्या मालिकांत धापा, किंकाळ्या, खाण्याचे मचमच आवाज, पडताना निघणारं ‘आऽऽ’ हे सगळं बऱ्याचदा संवादाच्या ट्रॅकवर असतं. संवाद काढले की तेही जातात. ही जागा रिकामी राहिली तर पात्र धावतं, आपटतं, पण तोंडातून हूं की चूं नाही. मिक्सिंगच्या टेबलावर हे कळलं तर कलावंताला पुन्हा बोलवावं लागतं. अशा प्रत्येक रिॲक्शनला संवादासारखाच क्रमांक द्या.

दुसरी तपासणी फ्रेम रेटची. आपल्याकडे प्रसारण सेकंदाला २५ फ्रेमचं आहे. अकरा मिनिटांच्या भागात १६,५०० फ्रेम, आणि एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची. कामासाठी आलेलं चित्र २४ फ्रेमचं असेल आणि अंतिम प्रत २५ वर चालणार असेल, तर अकरा मिनिटांचा भाग १० मिनिटं ३३.६ सेकंदांचा होतो. पहिला संवाद बरोबर बसतो, मग हळूहळू घसरण सुरू होते आणि शेवटी २६ सेकंदांचा फरक पडतो. घसरण अशी वाढत जाणारी दिसली की कलावंताला दोष देण्याआधी फ्रेम रेट पाहा. फरक सुरुवातीपासून शेवटपर्यंत सारखाच असेल तर मात्र टाइमकोडची सुरुवात चुकली आहे: भाग शून्यावर, एक तासावर की दहा तासांवर सुरू होतो, हे जुळलेलं नाही.

लिखाण: खरं काम इथं आहे

रेकॉर्डिंगला दिवस पुरतो. लिखाणाला किमान दोन द्या. एक लिहायला आणि दुसरा चित्रासमोर मोठ्यानं बोलून बघायला. डोळ्यांनी वाचून ‘बसतंय’ असं वाटलेलं वाक्य तोंडात हमखास अडखळतं.

आधी प्रत्येक हिंदी वाक्यातल्या उच्चारांचे ठोके (बोलताना ऐकू येणारे स्वर) मोजा. ‘मैं अभी आता हूँ’ याचे सहा ठोके होतात. शब्दशः ‘मी आत्ता येतो’ लिहिलं तर अर्थ पोचतो, पण मराठी मूल असं बोलत नाही. ते म्हणतं ‘आलोच!’ ते झाले दोन ठोके, आणि पात्राचं तोंड अजून हलतंय. मग ‘थांब जरा, आलोच मी’ लिहा. सहा ठोके भरले आणि वाक्यही आपलं राहिलं. मराठीत जोडरूपांमुळे वाक्य आखडतं: ‘मैं जा रहा हूँ’ पाच ठोक्यांचं, ‘मी जातोय’ तीनांचं. मोकळी जागा ‘ना’, ‘हं’, ‘बरं का’, ‘अरे’, ‘की रे’ अशा शब्दांनी भरता येते, पण एका पात्राला त्यातले एकदोनच द्या. सगळ्यांच्या तोंडी ‘बरं का’ आलं की सगळी पात्रं एकाच घरची वाटू लागतात.

ओठ जुळवण्याचा अट्टहास सरसकट करू नये. टीव्ही मालिकेत तोंडाचे मोजकेच आकार पुन्हापुन्हा वापरलेले असतात. वाक्य कधी सुरू होतं, कधी संपतं आणि मध्ये कुठं थांबतं, हे तीन बिंदू जुळले की नव्वद टक्के काम झालं. चेहरा पडदाभर असेल तेव्हाच प, फ, ब, भ, म यांच्याकडे लक्ष द्या, कारण तिथं ओठ मिटलेले स्पष्ट दिसतात. ‘हमारी मदद करो’ला ‘आम्हाला मदत करा’ जवळजवळ ओठाला ओठ लावून बसतं. पात्र पाठमोरं असेल किंवा दूर असेल तर तिथं शब्द वाढवून घ्या. आधीच्या वाक्यात न मावलेला अर्थ अशा जागी सोडवता येतो.

आता सगळ्यात जास्त चुका होतात ती गोष्ट. हिंदी आणि मराठीची वाक्यरचना इतकी जवळची की प्रत्यय बदलला की झालं, असं वाटतं. तसं लिहिलेलं मुलांच्या तोंडी बसतं आणि पुढं तीच मराठी वाटायला लागते. हे टाळणं आपल्याच हातात आहे. ‘मैं तुम्हारी मदद करूँगा’ म्हणजे ‘मी तुझी मदत करीन’ नव्हे, ‘मी तुला मदत करीन’. ‘वो मुझ पर हँसा’ म्हणजे ‘तो मला हसला’. ‘मैं उससे नहीं डरता’ म्हणजे ‘मी त्याला घाबरत नाही’. ‘उसने मुझसे पूछा’ म्हणजे ‘त्यानं मला विचारलं’. निरोप घेताना हिंदीतलं पात्र ‘मैं चलता हूँ’ म्हणतं, मराठी माणूस ‘येतो’ म्हणतो. आणि मजा ‘येऊन जात’ नाही; मजा येते, मजा आली.

सर्वनामं वाक्यागणिक ठरवू नका, पात्रांचा तक्ता करून आधीच ठरवा. हिंदी कार्टूनमध्ये मित्रमित्र एकमेकांना सर्रास ‘तुम’ म्हणतात. त्याचं ‘तुम्ही’ केलं तर आठ वर्षांची मुलं कचेरीतल्या साहेबांसारखी बोलू लागतात. मित्र ‘तू’, आई ‘तू’, आजोबा आणि गुरुजी ‘तुम्ही’. बाबांना ‘तुम्ही’ की ‘तू’, हे मालिकेच्या पहिल्या भागात ठरवा आणि शेवटपर्यंत पाळा. हाकांचंही तसंच. हिंदीचं ‘अरे’ मुलगा, मुलगी, सरपंच सगळ्यांना चालतं. मराठीत मुलाला ‘अरे’, मुलीला ‘अगं’, सरपंचांना ‘अहो’.

प्राण्यांच्या लिंगांचा सापळा मोठा आहे. हिंदीतली लोमड़ी स्त्रीलिंगी, मराठीतला कोल्हा पुल्लिंगी. मगरमच्छ पुल्लिंगी, मगर स्त्रीलिंगी. कछुआ ‘तो’, कासव ‘ते’. घोगऱ्या आवाजाचा खलनायक मगरमच्छ असेल तर ‘ती मगर आली’ म्हणताच पडद्यावरचं आणि कानावरचं फाटतं. त्याला मालिकेत नाव असेल तर प्रत्येक वेळी नावानंच बोलवा. नसेल तर ‘मगरराव’सारखं पुल्लिंगी संबोधन द्या आणि वाहिनीकडून मंजूर करून घ्या. बाईचा आवाज असलेली लोमड़ी ‘कोल्हीण’ होऊ शकते.

मुख्य पात्रांची नावं बदलू नका. शीर्षकगीत, खेळणी, इतर भाषांचे ध्वनिपट सगळीकडे तीच असतात.

म्हणी आणि कोट्या भाषांतरित होत नाहीत, बदलाव्या लागतात, आणि बदलताना आधी चित्राकडे बघायचं. ‘दाल में कुछ काला है’ नुसतं बोललं असेल तर ‘पाणी कुठंतरी मुरतंय’ झकास. पण ते म्हणताना पात्र डाळीच्या पातेल्यात डोकावत असेल तर पाणी मुरवून चालणार नाही. तिथं ‘इथं काहीतरी शिजतंय!’ लिहा. ‘नौ दो ग्यारह’ला ‘धूम ठोकली’ चालतं, मात्र पडद्यावर ९, २, ११ असे आकडे उडत असतील तर तो विनोद सोडून द्या आणि आकड्यांवरच नवा लिहा. पाटीवर किंवा चिठ्ठीवर हिंदी मजकूर असेल आणि तो कळल्याशिवाय गोष्ट पुढं जात नसेल, तर जवळच्या पात्राचं तोंड दिसत नसताना तो त्याच्याकडून वाचून घ्या.

शिव्यांच्या बाबतीत केबल टेलिव्हिजन नेटवर्क नियम, १९९४ मधला नियम ६ लक्षात असू द्या: मुलांच्या कार्यक्रमात असभ्य भाषा नको. ‘गाढवा’, ‘वेंधळ्या’ एवढ्यावर थांबा. रंग, जाडी, तोतरेपणा, जात यांवरून येणारा एकही शब्द नको, मूळ हिंदीत असला तरी. आणि कृपा करून वऱ्हाडी, मालवणी, अहिराणी फक्त मूर्ख पात्रांच्या किंवा चोरांच्या तोंडी घालू नका. नागपूरच्या किंवा धुळ्याच्या मुलाला आपली बोली टीव्हीवर ऐकू आली तर ती हुशार पात्राच्याही तोंडून यावी.

संहिता बोलीत टाइप करा: ‘झाले’ नव्हे ‘झालं’, ‘लागली आहे’ नव्हे ‘लागलीय’. छापील रूप लिहिलं की कलावंत छापील वाचतो. हिंदीत वाढलेले कलावंत असतील तर ‘ळ’ असलेले शब्द अधोरेखित करा, नाहीतर ‘पळ’चं ‘पल’ होतं. ‘चहा’तला च आणि ‘चमचा’तला च वेगळे आहेत, ‘जग’ म्हणजे दुनिया की पाण्याचा जग, हे समासात लिहून ठेवा.

आवाज

लहान मुलाच्या पात्राला बहुधा बाईचा आवाज घेतात. हिंदी डोरेमॉनचा आवाज म्हणून सोनल कौशल ओळखल्या जातात. कारण साधं आहे: मालिका वर्षानुवर्षं चालते आणि मुलाचा आवाज वयात येताना फुटतो. खरं मूल घ्यायचंच असेल तर जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला ५ तासांहून जास्त काम नाही, सलग ३ तासांनंतर विश्रांती, आणि कमाईचा किमान २० टक्के भाग मुलाच्या नावे मुदत ठेवीत. ३ तासांची वाट पाहू नका, तासाभरातच मुलाचा घसा आणि लक्ष दोन्ही उतरतं.

एका कलावंताकडून दोन-तीन पात्रं करून घेणं नेहमीचं आहे. ‘मोटू पतलू’ या २०१२ पासूनच्या मालिकेत हिंदीत मोटू आणि पतलू दोघंही सौरव चक्रवर्ती यांच्या आवाजात बोलले. असं करताना दोन पात्रांत फक्त पट्टी बदलून भागत नाही, बोलण्याचा वेगही वेगळा लागतो. पट्टी थकल्यावर खाली येते, वेग टिकतो.

रेकॉर्डिंग

४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, मोनो वेव्ह फाइल. तोंड माइकपासून १५ ते २० सेंटिमीटरवर, मध्ये पॉप फिल्टर (‘प’, ‘फ’ म्हणताना सुटणारी हवा अडवणारी जाळी). सर्वात मोठा आवाज -१० डेसिबलच्या आसपास राहील अशी पातळी ठेवा. बांगड्या, घड्याळ, खिशातल्या किल्ल्या बाहेर.

प्रत्येक कलावंत एकटा बोलतो, त्यामुळे समोरच्याचं आधीचं वाक्य कानात द्या, नाहीतर प्रश्न आणि उत्तर दोन वेगळ्या खोल्यांत दिल्यासारखं ऐकू येतं. ओरडण्याचे संवाद आणि रिॲक्शन सगळ्यात शेवटी घ्या. ओरडताना कलावंतानं एक पाऊल मागं जाऊन तोंड थोडं बाजूला करावं. इंजिनिअरनं पातळी आधीच खाली घ्यावी, कारण फाटलेला आवाज नंतर सुधारत नाही. रिॲक्शनही मराठीच हवी: ठेच लागली तर ‘आई गं!’, दचकल्यावर ‘बापरे!’.

इथली एक चूक फार उशिरा सापडते. हेडफोनमधला हिंदी पायलट माइकमध्ये झिरपतो आणि मराठी वाक्याखाली बारीक हिंदी ऐकू येतं. बंद कपांचेच हेडफोन वापरा. कलावंताला एक कान मोकळा हवा असेल तर त्या बाजूचा आवाज बंद करा. प्रत्येक बैठकीत खोलीची नुसती शांतता ३० सेकंद रेकॉर्ड करून ठेवा, संपादनात सांधे बुजवायला ती लागते.

जोडणी आणि मिक्स

संवाद ओठांवर बसवताना आधी येण्यापेक्षा किंचित उशीर बरा. आवाज चित्राच्या ४५ मिलिसेकंद आधी आला तरी माणसाला जाणवतं, उशीर मात्र सुमारे १२५ पर्यंत खपतो. म्हणजे पुढं जेमतेम एक फ्रेम, मागं तीन. वाक्य आखूड पडलं किंवा लांबलं तर ताणून किंवा दाबून ४-५ टक्क्यांपर्यंतच बसवा. त्यापलीकडे आवाज यांत्रिक होतो. त्यापेक्षा शब्द कापून पुन्हा रेकॉर्ड करा.

गुहेतला, विहिरीतला, फोनवरचा आवाज हिंदीत जसा केला असेल तसाच मराठीला द्या. घाईत हा परिणाम राहून जातो आणि पात्र गुहेतून बोलतानाही स्टुडिओतच असतं. एकूण पातळी वाहिनीनं दिलेल्या पत्रकाप्रमाणे ठेवा. पुष्कळ ठिकाणी -२३ एलयूएफएस (कानाला जाणवणाऱ्या सरासरी मोठेपणाचं माप) आणि शिखर -१ डेसिबल हे मान चालतं. मिक्स एकदा साध्या टीव्हीच्या स्पीकरवर ऐका. स्टुडिओत स्पष्ट वाटलेलं कुजबुजणं तिथं संगीताखाली बुडालेलं असतं.

शेवटची तपासणी तीनदा. एकदा फक्त चित्र-आवाज बघत. एकदा डोळे मिटून, मराठी ऐकत. हिंदी वळणाचं वाक्य याच फेरीत कानाला टोचतं. एकदा हेडफोन लावून, झिरपलेलं हिंदी शोधत. मग पूर्ण मिक्स, नुसते मराठी संवाद आणि एम अँड ई अशा तीन वेगळ्या फाइल द्या. तिन्हींची लांबी फ्रेमपर्यंत सारखी हवी, आणि पहिल्या फ्रेमच्या बरोबर दोन सेकंद आधी एका फ्रेमचा बीप, म्हणजे पलीकडचा माणूस ती न ऐकताही जागेवर बसवू शकतो.