जागेचा ताबा, पोलीस ठाणे आणि दिवाणी न्यायालय
शेजाऱ्याने रातोरात कुंपण सरकवले की पाय आधी पोलीस ठाण्याकडे वळतात. मात्र जागा कोणाची, हे ठरवण्याचा अधिकार पोलिसांना नाही. मारहाण किंवा धमकी झाली असल्यास तक्रार अवश्य द्यावी, पण सातबारा, मोजणीचा नकाशा आणि ताजी छायाचित्रे जोडून दिवाणी न्यायालयात दावा दाखल करून त्यातच तात्पुरत्या मनाईहुकुमाचा अर्ज विनाविलंब करावा. मनाई मिळूनही समोरचा जुमानत नसेल, तर त्याच न्यायालयाकडे पोलीस संरक्षणाचा आदेश मागता येतो. ताबाच बेकायदा हिरावला गेला असल्यास स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट, १९६३ च्या कलम ६ खाली मालकी सिद्ध न करताही तो परत मिळवता येतो, परंतु त्या दाव्याची मुदत अवघी ६ महिने आहे आणि ठाण्याच्या खेपांत ती सहज निघून जाते.