'मुळापासून बरा' म्हणणाऱ्या डब्याची तक्रार

मधुमेह बरा करण्याची जाहिरात १९५४ च्या ड्रग्ज अँड मॅजिक रेमेडीज कायद्याने बंद आहे. पतंजलीसारख्या मोठ्या कंपनीलाही अशा दाव्यांवरून २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाची माफी मागावी लागली. म्हणून कंपनी मोठी आहे म्हणून कचरू नका.

असा दावा करणाऱ्या औषधाचा डबा फेकू नका. बॅच नंबर, परवाना क्रमांक, जाहिरात यांचे तारखेसह फोटो ठेवा. लक्ष्मी रोडवरच्या दुकानातलं गुळगुळीत कागदाचं बिल काही महिन्यांत पुसट होतं, त्याची लगेच झेरॉक्स काढा. पुरावा नसेल तर तक्रार इथेच लंगडी पडते.

मग पुण्याच्या एफडीए (अन्न व औषध प्रशासन) कार्यालयात लेखी अर्ज देऊन पोच घ्या, राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या नंबरवर नोंद करा. भरपाई हवी तर २ वर्षांच्या आत जिल्हा ग्राहक आयोगाकडे जा. ५ लाखांपर्यंतच्या खरेदीला फी नाही. डॉक्टरांच्या गोळ्या मात्र मध्येच थांबवू नका.