खलनायकाची कारकीर्द कशी लिहावी: निळू फुले यांचे उदाहरण आणि पुण्यातील साधने

महाविद्यालयीन प्रकल्पासाठी, दिवाळी अंकासाठी किंवा एखाद्या छोट्या पुस्तिकेसाठी खलनायकी भूमिकांमुळे ओळखल्या जाणाऱ्या चरित्र अभिनेत्यावर लिहायला बसणारा माणूस बहुधा चित्रपटांच्या यादीपासून सुरुवात करतो आणि तिथेच अडकतो. नायकाच्या बाबतीत अशी यादी निदान कालक्रम तरी दाखवते. खलनायकाच्या बाबतीत मात्र एकाच वर्षी आलेल्या चार भूमिका एकमेकींसारख्या दिसू लागतात आणि लेख नावे व सालांच्या ओझ्याखाली दबून जातो. ही अडचण टाळण्याची एक पद्धत पुढे सांगितली आहे. उदाहरण म्हणून निळू फुले यांची कारकीर्द घेतली आहे, कारण त्यांची घडण पुण्यात झाली, 13 जुलै 2009 रोजी त्यांचे निधनही पुण्यातच झाले आणि त्यांच्या कामाचा माग काढण्यासाठी लागणारी बरीचशी साधने याच शहरात आहेत.

चित्रपट मोजण्यापूर्वी भूमिकांच्या हाती असलेली सत्ता मोजावी, हे या पद्धतीचे मुख्य सूत्र आहे. प्रत्येक भूमिकेसाठी एका वेगळ्या कागदावर तीनच गोष्टी लिहाव्यात: या माणसाकडे कोणती सत्ता आहे, ती त्याला कुठून मिळाली आणि ती टिकवण्यासाठी तो काय करतो. असे वीस-पंचवीस कागद झाले की ते सालानुसार न लावता सत्तेच्या प्रकारानुसार लावावेत. वतनदार, सावकार, सरपंच, साखर कारखान्याचा अध्यक्ष, आमदार, मंत्री असे गट आपोआप पडू लागतात आणि अभिनेत्याच्या कारकिर्दीबरोबरच महाराष्ट्राच्या ग्रामीण राजकारणाचा एक आलेख समोर येतो. 1960 मध्ये राज्य स्थापन झाले, 1962 मध्ये जिल्हा परिषदा आल्या, त्याच सुमारास वंशपरंपरागत पाटीलकी कायद्याने संपली आणि सहकारी संस्थांचे जाळे वाढत गेले. पडद्यावरचा पाटील या घडामोडींबरोबर वाड्याच्या ओसरीवरून कारखान्याच्या कार्यालयात गेला. ज्या अभिनेत्याने हा प्रवास स्वतःच्या शरीरातून दाखवला, त्याच्याविषयी लिहिताना ही पार्श्वभूमी वगळली तर त्याचे काम केवळ क्रूर हसण्याचे आणि डोळे बारीक करण्याचे कसब वाटू लागते.

रंगभूमीपासून आरंभ करावा

चरित्र अभिनेता पहिल्या चित्रपटात अचानक उगवत नाही. निळू फुले यांच्या बाबतीत राष्ट्र सेवा दलाचे कलापथक, पुण्यातील सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळी म्हणून केलेली नोकरी आणि ‘कथा अकलेच्या कांद्याची’ हे लोकनाट्य एवढ्या पायऱ्या चढल्यानंतर 1968 मध्ये अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’ या चित्रपटातील झेलेअण्णांची भूमिका येते. लोकनाट्यातला नट समोरच्या प्रेक्षकाला थेट उत्तर देतो, ऐन वेळी वाक्य वळवतो आणि हशा किती वेळ चालू द्यायचा हे कानाने ठरवतो. म्हणून पुढच्या चित्रपटांतील त्यांचे थांबे, आवाज न चढवता वाक्याच्या शेवटी घेतलेली फिरकी आणि ऐकणाऱ्याला ताटकळत ठेवण्याची रीत यांची मुळे त्या मंचावर शोधता येतात.

‘सखाराम बाइंडर’ या 1972 च्या नाटकासाठी स्वतंत्र प्रकरण राखून ठेवावे. विजय तेंडुलकर यांचे हे नाटक कमलाकर सारंग यांनी बसवले होते, त्यात शीर्षक भूमिका निळू फुले यांची आणि चंपा लालन सारंग यांची होती, आणि सेन्सॉरच्या आक्षेपांमुळे ते प्रकरण मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेले. सखाराम हा रूढ अर्थाने खलनायक नाही. परंतु स्वतःच्या घरात, नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांवर, स्वतःच्याच नियमांनी राज्य करणारा तो माणूस आहे. वर सांगितलेल्या कागदावर त्याची सत्ता ‘एका खोलीपुरती’ अशी लिहावी लागेल. त्याला यादीतून वगळण्याचा मोह आवरावा, कारण पुढच्या पाटलांमध्ये दिसणारी घरगुती दहशत समजायला हीच भूमिका सर्वांत जास्त उपयोगी पडते.

चित्रपट कसा पाहावा

प्रत्येक महत्त्वाचा चित्रपट निदान दोनदा पाहावा, आणि त्यांपैकी एकदा आवाज बंद करून. पहिल्या वेळी कथा पाहावी. दुसऱ्या वेळी फक्त आपला अभिनेता पाहावा, विशेषतः तो बोलत नसताना. खलनायक बोलतो तेव्हा लेखकाचे श्रेय किती आणि नटाचे किती हे वेगळे करणे अवघड असते; तो ऐकत असताना जे घडते ते बहुतांशी नटाचे असते. त्याचा पहिला प्रवेश कितव्या मिनिटाला होतो, प्रवेशापूर्वी इतर पात्रे त्याच्याविषयी काय बोलतात, तो बसलेला असताना कोण उभे राहते, या नोंदी कंटाळवाण्या वाटल्या तरी कराव्यात. लेखातील चांगली वाक्ये बहुधा यांतूनच निघतात.

‘सामना’ हा या अभ्यासाचा गाभा मानायला हरकत नाही. जब्बार पटेल दिग्दर्शित, तेंडुलकर लिखित या चित्रपटात निळू फुले यांचा हिंदुराव धोंडे पाटील हा सहकाराच्या बळावर पंचक्रोशी मुठीत ठेवणारा पुढारी आहे, आणि डॉ. श्रीराम लागू यांचा मास्तर हा गावात येऊन पडलेला दारुडा माणूस. हिंदुराव त्याला हाकलून देत नाही, घरी आणतो, खाऊपिऊ घालतो, आदराने बोलतो. मास्तर गावातून नाहीशा झालेल्या मारुती कांबळेविषयी विचारू लागतो तेव्हाही यजमानपण सुटत नाही. खलनायकी ही इथे पाहुणचारातून उभी राहते, आणि हात उगारणाऱ्या पाटलापेक्षा हा चहा पुढे करणारा अध्यक्ष अधिक धाक निर्माण करतो. माझ्या मते मराठी पडद्यावरील खलनायकाचे वळण याच भूमिकेपाशी आहे. ज्यांना ते ‘पिंजरा’ (1972) किंवा त्याआधीच्या तमाशापटांत दिसते, त्यांनी तसे सप्रमाण मांडावे, पण हिंदुरावाला टाळून पुढे जाऊ नये.

त्याच जोडीला 1979 चा ‘सिंहासन’ अवश्य पाहावा. त्यात मुख्यमंत्री अरुण सरनाईक, त्यांच्याविरुद्ध डाव टाकणारे मंत्री श्रीराम लागू, आणि निळू फुले मात्र पत्रकार दिगू टिपणीस. ज्या चेहऱ्यावर प्रेक्षकांनी इतकी वर्षे सत्ता पाहिली, तो इथे सत्तेकडे असहायपणे पाहणारा होतो. अशी प्रतिमेविरुद्धची भूमिका प्रत्येक मोठ्या खलनायकाच्या कारकिर्दीत एखादी तरी सापडते आणि ती सापडेपर्यंत लिखाण सुरू करू नये.

हिंदी चित्रपटांचा भाग थोडक्यात आटोपला तरी चालेल. ‘कुली’ (1983) सारख्या चित्रपटात काम मोजके आहे. ‘सारांश’ (1984) मधील राजकारणी गजानन चित्रे मात्र बारकाईने पाहण्यासारखा आहे, कारण तिथे ग्रामीण पुढाऱ्याची रीत मुंबईतल्या इमारतीत आलेली दिसते. तुलनेसाठी सदाशिव अमरापूरकर यांचा ‘अर्धसत्य’ (1983) मधील रामा शेट्टी घ्यावा. त्याचीही पटकथा तेंडुलकरांचीच, हे ‘सामना’ पाहिलेल्या वाचकाला सांगण्याजोगे आहे.

पुरस्कारांच्या याद्या चाळताना एक खबरदारी घ्यावी. फिल्मफेअरमध्ये नकारात्मक भूमिकेसाठी स्वतंत्र पुरस्कार 1990 च्या दशकाच्या आरंभी सुरू झाला आणि ‘सडक’साठी तो प्रथम अमरापूरकरांनाच मिळाला, ‘अर्धसत्य’साठी मात्र त्यांना सहायक अभिनेत्याचा पुरस्कार होता. त्यामुळे जुन्या खलनायकांची नावे सहायक अभिनेत्यांच्या यादीत शोधावी लागतात.

पुण्यात कुठे शोधावे

विधी महाविद्यालय रस्त्यावरील राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 मध्ये स्थापन झाले आणि तेथे चित्रपटांच्या प्रतींखेरीज छायाचित्रे, भित्तिपत्रके, कात्रणे आणि गाण्यांच्या पुस्तिका जतन केलेल्या आहेत. नवख्या अभ्यासकाने चित्रपटाआधी पुस्तिका मागाव्यात. चार-आठ पानांच्या त्या पुस्तिकेत श्रेयनामावली आणि कथासार असते, आणि खलनायकाचे नाव कलाकारांमध्ये कितवे छापले आहे यावरून त्या वर्षी बाजारात त्याचे वजन किती होते हे कळते. पूर्वपरवानगीसाठी अर्ज करताना ‘अभ्यासासाठी’ एवढेच न लिहिता कोणते चित्रपट, कोणत्या सालातील कात्रणे आणि कशासाठी हे नेमके लिहावे. काम लवकर होते. परवानगीला वेळ लागणार हे गृहीत धरून अर्ज सर्वांत आधी करावा आणि तोवर ग्रंथालयांकडे वळावे.

‘केसरी’ आणि ‘सकाळ’ यांच्या जुन्या अंकांतील चित्रपटगृहांच्या जाहिराती हे दुर्लक्षिलेले साधन आहे. प्रभात, विजय, भानुविलास अशा पडद्यांवर कोणता चित्रपट कोणत्या आठवड्यात लागला आणि कधी उतरला, हे त्यांतून कळते. सालांचा घोळही अशाच कागदांवरून सोडवावा लागतो. ‘सामना’चे साल कुठे 1974 तर कुठे 1975 दिलेले आढळते. अशा वेळी सेन्सॉर प्रमाणपत्राचे साल आणि प्रदर्शनाचे साल वेगवेगळ्या रकान्यांत लिहावे, आणि तो चित्रपट 1975 च्या बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत होता ही नोंद तिसऱ्या रकान्यात ठेवावी.

14 जुलै 2009 आणि त्यानंतरच्या आठवड्यातील मृत्युलेख अवश्य वाचावेत, मात्र जपून वाचावेत. ‘पडद्यावर दुष्ट, प्रत्यक्षात सज्जन’ हे वाक्य प्रत्येक खलनायकाच्या मृत्युलेखात असते आणि ते खरे असले तरी त्याने काहीच उलगडत नाही. सेवा दलात आणि पुढे कार्यकर्त्यांना आर्थिक आधार देणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीच्या कामात वावरलेल्या माणसाला गावातले पुढारी जवळून पाहायला मिळाले असणार. त्या पाहण्याचा भूमिकांवर काय परिणाम झाला, हा प्रश्न त्या वाक्याच्या जागी ठेवावा आणि मुलाखती घेताना तोच विचारावा.

मुलाखतींसाठी नामवंतांच्या मागे धावण्यापेक्षा त्या काळचे पडद्यामागचे लोक शोधावेत: रंगभूषाकार, नेपथ्याचे सामान हलवणारे कामगार, तिकीट खिडकीवर बसलेले कर्मचारी, भरत नाट्य मंदिर किंवा बालगंधर्व रंगमंदिरात नाटके पाहिलेले जुने प्रेक्षक. ‘ते कसे होते?’ असे विचारल्यास स्तुतीच मिळते. ‘प्रयोगाआधीचा अर्धा तास ते काय करत?’, ‘अमुक प्रवेशाला प्रेक्षक कुठे हसत आणि कुठे गप्प होत?’ असे विचारल्यास माहिती मिळते. सांगणाऱ्याच्या संमतीशिवाय त्याचे नाव छापू नये, आणि एकाच माणसाने सांगितलेला किस्सा दुसरीकडून पडताळला गेला नसेल तर तो ‘असे सांगतात’ म्हणूनही वापरू नये. त्या वाटेने आलेले कितीतरी संवाद या अभिनेत्याच्या नावावर चिकटलेले आहेत. संवाद उद्धृत करायचाच असेल तर चित्रपट लावून, शब्द न् शब्द ऐकून आणि मिनिटाची नोंद करून मगच तो लेखात घ्यावा.