मचूळ टँक लावताय? आधी गोड्या पाण्याचा कॅन भरा

मचूळ म्हणजे गोड्या आणि समुद्राच्या मधलं, थोडंसं खारं पाणी. टँक, फिल्टर, वाळू, लाइट घेतलं असेलच, त्यावर वेळ घालवत नाही. मीठ मात्र समुद्री ॲक्वेरियमचंच आणा. स्वयंपाकाच्या मिठात कॅल्शियम-मॅग्नेशियम नावापुरतंही नसतं. पुडा फोडला की लगेच हवाबंद डब्यात, पावसाळ्यात त्याचा दगड होतो. कालवायचं ते बादलीत, माशांच्या डोक्यावर नाही.

आता मुद्द्याचं. उडून गेलेल्या पाण्याची भर गोड्या पाण्याने घालायची. गोड्या! वाफ पाण्याची होते, मीठ टँकमध्येच राहतं. माझा 60 लिटरचा टँक, त्यात एकच फिगर-एट पफर मासा. मे महिन्यात आठवड्याला चारेक लिटर पाणी उडायचं आणि मी शहाणा, लिटरमागे 8 ग्रॅमचं तयार खारं पाणी ओतत राहिलो. दर आठवड्याला 32 ग्रॅम मीठ फुकटचं. दोन महिन्यांत पाण्याचं विशिष्ट गुरुत्व (गोड्या पाण्याचं 1.000, मीठ वाढलं की वाढतं) 1.005 चं 1.009 झालं, काचेच्या काठाला पांढरी झालर लागली. हायड्रोमीटर, म्हणजे हा आकडा मोजायचं काट्याचं साधन, तो तरी सांगेल ना? त्याच्या काट्यावरच मिठाचा थर बसलेला, जड होऊन आकडा कमी दाखवत होता. प्रत्येक वेळी मोजून झालं की तो साध्या पाण्याखाली धरा.

म्हणून पहिल्याच दिवशी काचेवर मार्करने पातळीची रेघ ओढा आणि शेजारी गोड्या पाण्याचा कॅन ठेवा. आरओचं असेल तर उत्तम. नळाचं असेल तर क्लोरीन घालवून. बोअरचं नको, त्यातला चुना असाच साठत जातो आणि हीटरवर खरवडून निघणार नाही असा थर धरतो. आठवड्याला पाणी बदलता तेव्हा गोष्ट वेगळी: उपसलेल्या पाण्याच्या जागी खारं, उडालेल्याच्या जागी गोडं. इथेच घोळ होतो. माझा झाला.

झाकण काचेचं, काठाच्या आत बसणारं, म्हणजे थेंब परत टँकमध्येच पडतात. बुडबुडे फुटून शिंतोडे उडतात, तेच वाळून मीठ होतं. हवेचा पंप मंद ठेवा, फिल्टरचं तोंड पाण्याखाली. वायर प्लगच्या खाली लोंबेल अशी सोडा, नाहीतर खारं पाणी वायरीवरून सॉकेटपर्यंत पोचतं. हे गमतीत घेऊ नका.

पुसणं: दर रविवारी, ओलं फडकं. चुन्याच्या डागाला व्हिनेगर, पण भाग बाहेर काढून, धुऊन. स्विच बंद करून.

कॅन भरलात का?